रांगेला शोभणारा आवाज

टोकनताईचा आवाज ऐकला नाही असा माणूस त्या शहरात सापडला नसता. तिला ओळखणारी माणसं मात्र दोन हातांच्या बोटांवर मोजली असती तरी अंगठे उरले असते.

ती रांगेची यंत्रं बनवणाऱ्या कंपनीत होती. बँकेत, दवाखान्यात, परवान्याच्या ऑफिसात यंत्रातून चिठ्ठी ओढायची, खुर्चीत बसायचं, आणि छतातून "टिंग-टाँग. क्रमांक बेचाळीस, खिडकी क्रमांक तीन" असं आलं की उठायचं. तो आवाज तिचा. टिंग-टाँगही तिचंच. घरच्या छोट्या सिंथेसायझरवर दोन सूर दाबून तिने ते केलं होतं, आणि साहेबांनी चहा पिता पिता "चालेल" म्हणून मंजूर केलं होतं. तिच्या संगीताचं ते पहिलं आणि बराच काळ एकमेव परीक्षण.

एक ते नऊशे नव्व्याण्णव हे आकडे तिने सहा वर्षांपूर्वी एका आठवड्यात म्हटले होते. एकोणसाठ आणि एकोणसत्तर यांच्यावरून एका दवाखान्यात दोन आजारी माणसांची मारामारी झाली, तेव्हा ते दोन आकडे परत म्हणून घेतले. त्यानंतर रोज नवी ऑफिसं, नव्या खिडक्या, नवे दरवाजे. कंपनीच्या रेकॉर्डिंगच्या खोलीत एक गाळणी बसवलेली होती. म्हणजे चहाची नव्हे, आवाजाची. माणूस तीनशेच्या पुढे मोजत गेला की त्याच्या आवाजात वैताग येतो. ही गाळणी तेवढा वैताग काढून टाकायची आणि बाकीचा माणूस ठेवायची.

सहा वर्षांत लोकांना त्या आवाजाची इतकी सवय झाली होती की टोकनताईला बाहेर बोलायची चोरी झाली. ती आईच्या माघारी मावशीकडे राहायची. मावशीचं कपडे अल्टर करायचं दुकान होतं. एकदा मावशी आत जेवत असताना टोकनताईने काउंटरवरून "पुढचे कोण?" एवढंच विचारलं, तर रस्त्याने चाललेला पोस्टमन आत येऊन उभा राहिला. त्याला काही शिवायचं नव्हतं. का आलो हेही त्याला सांगता येईना. शेवटी मावशीने त्याच्या खिशाची उसवलेली शिवण घालून दिली आणि त्याला मोकळं केलं.

तर, सूड.

टोकनताई तीन वर्षं एकाबरोबर सिंथपॉप, म्हणजे सिंथेसायझरवरची गाणी, करत होती. तो यंत्रं वाजवायचा, ती गायची. त्याला सगळे प्रतिभावंत म्हणत. सुरुवात त्यानेच केली होती. मग एक दिवस त्याने नवी गायिका आणली, आणि वर्षभराने एका मुलाखतीत कोणीतरी जुनीबद्दल विचारलं तेव्हा तो म्हणाला, "तिचा आवाज रांगेला शोभतो. बँकेत ऐकला की वाटतं, आता आपला नंबर येणार. गाण्यात ऐकला की वाटतं, आपला नंबर कधीच येऊ नये."

लोक हसले. मुलाखतीतलं तेवढंच वाक्य कापून ते एकमेकांना पाठवू लागले. कंपनीतल्या चहावाल्यानेही ते टोकनताईला पाठवलं, खाली "तुम्ही का हो ह्या?" असं लिहून. टोकनताईला अपमानाचं फार काही वाटलं नाही; नोकरी करणाऱ्या माणसाला अपमान पचतो. वाक्य चांगलं होतं, याने तिची झोप उडाली. वाईट वाक्य माणूस विसरतो. हे वाक्य तिला अंघोळ करताना आठवायचं आणि एकदा तर स्वतःलाच हसू फुटलं. त्या दिवशी तिने साबण भिंतीवर फेकून मारला आणि ठरवलं, की ह्या माणसाचा चेहरा एकदा पडलेला बघायचा. जास्त नाही. एकदाच, पण समोरून, आणि नीट उजेडात.

तिने चार गाण्यांची छोटी रेकॉर्ड करायला घेतली. त्या धंद्यातले लोक हिला ईपी म्हणतात. मावशी "अर्धी रेकॉर्ड" म्हणायची. चारही गाणी त्याच्यावर. पहिलं गाणं 'उशी'. प्रतिभावंत उंचीने बेताचा होता आणि कार्यक्रमात यंत्रांच्या मागून दिसावा म्हणून स्टुलावर एक मखमली उशी घेऊन बसायचा. ही गोष्ट जगात फक्त तिला माहीत होती, कारण ती उशी तीन वर्षं तीच उचलून न्यायची. दुसरं 'दोन बटणं', म्हणजे तो कार्यक्रमात एकूण किती बटणं दाबतो त्याचा हिशेब. तिसरं 'तू गेलास तर बरं'. आणि चौथं 'सॉरी म्हण'. त्यात शब्द तेवढेच, दोन. चार मिनिटं.

दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत, कंपनीच्याच खोलीत, डबा मांडीवर ठेवून तिने ती गाणी म्हटली. दात-ओठ खाऊन म्हटली. 'उशी'चं दुसरं कडवं म्हणताना तिच्या कपाळाची शीर उडत होती:

"उशीवरचा राजा तू,
उशी माझ्या खांद्यावर,
उशी घेऊन मी गेले की
राजा, तू किती वर?"

सुट्टी संपली की ती लगेच त्याच माइकसमोर "दरवाजा क्रमांक दोन" म्हणायला लागायची. रेकॉर्डिंग झाल्यावर तिने ते सगळं ऐकलं आणि तिला ते फारच जळजळीत वाटलं. पण ती सहा वर्षं स्वतःला ह्याच खोलीत ऐकत आली होती. रोजचं मीठ ज्याने टाकलं त्यालाच कळत नाही, तसलं ते होतं.

रेकॉर्ड गुरुवारी बाहेर आली. पहिल्या दिवशी ती एकेचाळीस वेळा ऐकली गेली. त्यातल्या तीस वेळा मावशीच्या दुकानात, कारण मावशीने शिलाई मशीनवर स्पीकर ठेवून ती दिवसभर चालू ठेवली होती. संध्याकाळी मावशीने चष्मा कपाळावर सरकवला आणि विचारलं, कोण आहे तो.

टोकनताई म्हणाली, "कळलं ना तुला? किती नालायक आहे ते?"

"नालायक असेल," मावशी म्हणाली. "पण तू त्याच्यावर एवढा जीव लावलायस, तर घरी तरी आण एकदा."

टोकनताईने 'उशी' पुन्हा लावून दाखवलं. मावशीने मान डोलावली. बाई गं, उशीसुद्धा तुझ्या खांद्यावर, म्हणाली, आणि पदराने डोळे टिपले. दुकानात पँट कमी करायला आलेला एक गृहस्थ होता, त्यानेही रुमाल काढला. मावशीने त्याच्याकडून तो रुमाल घेऊन त्याची निघालेली कड टाचून दिली.

पुढच्या आठवड्यात रेकॉर्ड पसरली. वर्तमानपत्रातल्या संगीताच्या रकान्यात परीक्षकाने लिहिलं, की ह्या वर्षातला सगळ्यात मायाळू आवाज हाच. 'तू गेलास तर बरं' या शब्दांमागे "थांब, जाऊ नकोस" अशी आर्त हाक आहे, असं त्याने शोधून काढलं. एका दातांच्या दवाखान्याने ती वेटिंग रूममध्ये लावली आणि कळवलं, की पेशंट आता पळून जात नाहीत. एका पाळणाघराने लिहिलं, की 'सॉरी म्हण' लावल्यावर सगळी मुलं दीड मिनिटात झोपतात, उरलेली अडीच मिनिटं बायका झोपतात. घटस्फोटाला निघालेल्या एका जोडप्याने तुमची गाणी ऐकून आम्ही अर्ज मागे घेतला असा निरोप पाठवला, सोबत दोघांचा फोटो. टोकनताईने तो फोटो बराच वेळ बघितला आणि मनातल्या मनात दोघांना पुन्हा वेगळं केलं.

दहाव्या दिवशी प्रतिभावंताचा फोन आला.

तो म्हणाला, की त्याने रेकॉर्ड तीनदा ऐकली. तिसऱ्यांदा रडला. तिला इतकं वाटत होतं तर तेव्हाच बोलायचं, आत कोंडून कशाला ठेवायचं. टोकनताई काही बोलायच्या आत त्याने एक वाक्य म्हटलं:

"झालं गेलं सोड. मी तुला माफ केलंय."

आणि पुढे: येत्या रविवारी दुपारी त्याचा मोठा कार्यक्रम होता, तीनशे खुर्च्यांचा हॉल, सगळी तिकिटं गेलेली. तिने शेवटी येऊन 'सॉरी म्हण' म्हणावं. ती म्हणत राहील, लोक हेलावतील, आणि शेवटी तो स्टुलावरून उठून माइकपाशी येईल आणि "सॉरी" म्हणेल. "लोक वेडे होतील," तो म्हणाला. त्याने दिव्यांचंही ठरवलं होतं. सॉरीला निळा.

फोन ठेवल्यावर ती तडक कंपनीत गेली. रेकॉर्डिंगची खोली सांभाळणारे काका होते. हे काका आयुष्यभर इतरांचे आवाज ऐकून स्वतः बोलायचे विसरले होते. त्यांना ती म्हणाली, "काका, तुमच्या त्या गाळणीने माझा घात केला. माझा सगळा राग गाळून टाकला. तो परत काढून द्या. कुठे साठतो तो?"

काकांनी कानावरचे हेडफोन खाली घेतले. "कुठली गाळणी?"

"वैतागाची. साहेबांनी बसवलेली."

"ती?" काका म्हणाले. "ती बिघडून चार वर्षं झाली, पोरी. दुरुस्तीला द्यायची राहिली. मग म्हटलं, तुझ्या आवाजाला लागतच नाही, कशाला द्या."

टोकनताई माइकसमोरच्या स्टुलावर बसली. तिने काकांना रेकॉर्डिंग चालू करायला लावलं आणि माहीत असलेल्या सगळ्या शिव्या एका दमात दिल्या. प्रतिभावंताला, त्याच्या उशीला, त्या निळ्या दिव्याला. मग दोघांनी ते ऐकलं. काका डोळे मिटून ऐकत होते. संपल्यावर म्हणाले, की तिसरी शिवी फार छान आली आहे, आजारी माणसाची चौकशी केल्यासारखी. हॉस्पिटलचं मोठं काम येतंय, तिथे असाच सूर हवा.

म्हणजे रागच उरला नव्हता असं नाही. राग पोटात जागच्या जागी होता, उलट आता दुप्पट झाला होता. त्याला बाहेर यायला दरवाजा नव्हता. वाघाने डरकाळी फोडायला तोंड उघडावं आणि आतून "कृपया सांभाळून बसा" असं यावं, तशी तिची गत झाली होती. त्या वाक्यात प्रतिभावंताने गंमत म्हणून जे म्हटलं ते खरं होतं. आवाज रांगेचाच होता.

मग तिने काकांना विचारलं, की ह्या आवाजाने सांगितल्यावर कोणी ऐकलं नाही असं कधी झालंय का.

काकांनी खरंच विचार केला. म्हणाले, एकदा. तो माणूस बहिरा होता. पण शेजारच्याने उठवल्यावर तोही गेला.

रविवारी टोकनताईने मावशीने बेतून दिलेला राखाडी कोट घातला आणि छोटा सिंथेसायझर काखोटीला मारून हॉलवर गेली. दाराशी तिकीट फाडणाऱ्याच्या हातातलं एक तिकीट तिने बघायला मागितलं. वर कार्यक्रमाचं नाव, खाली प्रतिभावंताचा फोटो, कोपऱ्यात ठसठशीत आकडा. हॉलला बाहेर जायचे दोन दरवाजे होते आणि वर हिरव्या दिव्यात एक आणि दोन लिहिलेलं होतं. दरवाजा क्रमांक दोन थेट रस्त्यावर उघडत होता. टोकनताईने तिकीट परत केलं आणि त्या माणसाचे मनापासून आभार मानले, त्यामुळे तो नकळत एक पाऊल पुढे सरकला.

कार्यक्रम झकास चालला होता. नवी गायिका चांगली होती, हे टोकनताईने पडद्याआडून मान्य केलं; तिचं तिच्याशी भांडण नव्हतं. प्रतिभावंत उशीवर बसून दोन बटणं दाबत होता. मग त्याने माइक घेऊन लोकांना सांगितलं, की आज अशी एक व्यक्ती येतेय जिने माझ्यावर मूकपणे प्रेम केलं. लोकांनी आवाज काढून हळहळ व्यक्त केली. मावशी चौथ्या ओळीत होती. तिने शेजारच्या बाईला सांगितलं, की माझी भाची.

टोकनताई आली, सिंथेसायझर स्टँडवर ठेवला आणि गायला लागली. सॉरी म्हण. सॉरी म्हण. दुसऱ्या मिनिटाला पहिल्या रांगेत जांभया आणि हुंदके एकदम सुरू झाले. तिसऱ्या मिनिटाला सतरा नंबरच्या खुर्चीतला परीक्षक वहीत लिहिणं थांबवून नुसताच बघत राहिला. साडेतीन मिनिटं झाली तसा प्रतिभावंत उशीवरून खाली उतरला आणि यंत्रं बाजूला सारत पुढे निघाला. दिवा निळा झाला. तो माइकपाशी आला, डोळे मिटले, लोकांना अजून थोडं तंगवलं, आणि तोंड उघडलं.

टोकनताईने संगीत बंद केलं. मग दोन सूर दाबले.

टिंग-टाँग.

हॉलमधली तीनशे डोकी एकदम वर झाली.

"क्रमांक एक ते चाळीस," ती म्हणाली. "कृपया दरवाजा क्रमांक दोन."

पहिल्या रांगेतल्या एका म्हाताऱ्याने वरच्या खिशातून तिकीट काढलं, हात लांब करून वाचलं, शेजारणीला "माझाच" म्हणाला आणि उठला. त्याच्यामागे दोन नंबर उठला. सतरावा परीक्षक वही मिटून निघाला. पंचेचाळीस नंबरवाला उत्साहात मध्येच घुसला, त्याला चौघांनी धरून बसवलं, की तुमचा अजून पुकारला नाहीये.

"क्रमांक एक्केचाळीस ते ऐंशी. कृपया दरवाजा क्रमांक दोन."

प्रतिभावंत हसला. त्याला वाटलं हा कार्यक्रमाचाच भाग असेल, आपल्याला सांगायचं राहिलं असेल. एकशे वीसला तो हसायचा थांबला. दोनशेला त्याने माइकवरून लोकांना बसायला सांगितलं. लोकांनी त्याच्याकडे सहानुभूतीने पाहिलं, जसं रांगेत बडबड करणाऱ्याकडे पाहतात, आणि चालत राहिले. मावशीचा नंबर एकशे बारा होता. मावशीला सगळा बेत आधीपासून ठाऊक होता, तरी तीही उठून गेली. नंतर म्हणाली, पाय थांबेचनात. दिवेवाल्याकडे नंबर नव्हता, म्हणून त्याने खाली पडलेलं एक तिकीट उचललं आणि जाताना सवयीने सगळे दिवे लावले. नवी गायिका टोकनताईपाशी येऊन हळूच विचारून गेली, की आमच्यासाठी वेगळी रांग आहे का. टोकनताईने तिला तीनशेच्या मागे सोडलं.

हॉल रिकामा झाला. स्वच्छ पांढऱ्या उजेडात तीनशे खुर्च्या आणि एक प्रतिभावंत.

त्याचा चेहरा अजून पडला नव्हता, नुसता गोंधळलेला होता. त्याने पँटचे दोन्ही खिसे चाचपले. मग कोटाचे. सहा वर्षं तोही बँकेत जात होता, परवाना काढत होता, दात दाखवत होता. त्याने टोकनताईकडे बघितलं आणि त्याच्या तोंडून निघून गेलं:

"आणि माझा नंबर?"

"कृपया प्रतीक्षा करा," टोकनताई म्हणाली.

तो मागे गेला, उशीवर बसला आणि हात मांडीवर ठेवून वाट बघू लागला.

ती दरवाजा क्रमांक दोनमधून बाहेर आली. बाहेर फुटपाथवर तीनशे माणसं ओळीने उभी होती. एक नंबरचा म्हातारा दाराशी, तीनशे नंबर पार कोपऱ्यावरच्या किल्लीवाल्याच्या टपरीपाशी, त्यामागे नवी गायिका. सगळ्यांच्या हातांत तिकिटं. किल्लीवाल्यानेही टपरी बंद केली होती आणि तो शेवटी येऊन उभा राहिला होता. कोणी कुरकुर करत नव्हतं. मावशी मधूनच म्हणाली, आता ह्यांचं काय करायचं, ते सांग.

दरवाजा सताड उघडा होता. म्हाताऱ्याला तिथून थेट स्टेज दिसत होतं. दिवे सगळे लागलेले, यंत्रं बाजूला सारलेली, आणि मधोमध स्टूल, स्टुलावर मखमली उशी, उशीवर तो. पाय जमिनीपासून वीतभर वर.

टोकनताईने सिंथेसायझर मीटरच्या पेटीवर टेकवला आणि 'उशी' म्हटलं. त्याच आवाजात. जराही जोर न लावता, आजाऱ्याची चौकशी केल्यासारखं.

"उशीवरचा राजा तू,
उशी माझ्या खांद्यावर,"

म्हाताऱ्याने हॉलमध्ये बघितलं. मग तिच्याकडे बघितलं. परत हॉलमध्ये.

"उशी घेऊन मी गेले की
राजा, तू किती वर?"

म्हातारा खुदकन हसला. काय हसलात, असं दोन नंबरने विचारलं, तसा तो बाजूला झाला आणि त्याने दोन नंबरला बघू दिलं. दोन नंबर हसली. मग तीन. रांग शिस्तीची होती. प्रत्येकाने आपला नंबर आल्यावर दारापाशी यायचं, आत बघायचं, हसायचं आणि पुढच्याला जागा करून द्यायची. कोणी दुसऱ्यांदा नंबर लावला नाही. सतरावा आला तेव्हा परीक्षकाने वही काढली, आधीचं पान फाडलं आणि उभ्या उभ्या नवीन लिहायला घेतलं.

पस्तिसाव्या की छत्तिसाव्या हशाला प्रतिभावंताने दाराकडे मान वळवली. त्याने खाली, आपल्या लोंबणाऱ्या पायांकडे बघितलं. उशीकडे बघितलं. मग त्याचा चेहरा पडला. आधी गाल, मग हनुवटी, सगळ्यात शेवटी भुवया. टोकनताईने ते नीट बघून घेतलं, कुठलाही भाग राहू दिला नाही.

तो उतरून चालत दारापर्यंत आला. माइक नव्हता, दिवा निळा नव्हता, समोर साठ नंबर उभा होता आणि प्रतिभावंत मध्ये घुसतोय म्हणून त्याच्यावर डोळे वटारत होता. प्रतिभावंत म्हणाला, "सॉरी." एवढ्या लहान आवाजात, की ते फक्त तिलाच ऐकू आलं.

वर्षभर ती हाच शब्द ऐकायला थांबली होती. तिने तो ऐकला. तोलून पाहिला. चांगला होता, खरा होता, थोडा उशिराचा. तिला एकदा वाटलंही, की घ्यावा.

मग सहा वर्षांच्या सवयीने, मनापासून गोड, ती म्हणाली:

"खिडकी बंद झाली आहे."

आणि पुढे एकसष्ट नंबर पुकारला.